नोकरी सांभाळून पडद्यावर

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ ला. सरकारी मुहूर्त, गांधीजयंतीचा. त्याच्या बरोबर सत्तेचाळीस वर्षं आधी, २ ऑक्टोबर १९२५ ला, लंडनच्या सोहो भागात फ्रिथ स्ट्रीटवरच्या एका पोटमाळ्यावर जॉन लोगी बेअर्ड ह्या खटपट्या स्कॉटिश गृहस्थाला आपल्या यंत्राच्या पडद्यावर पहिल्यांदा नीट ओळखू येईल असा चेहरा दिसला. तारखांचा योगायोग आहे, त्यातून काही अर्थ काढायचा नाही. पण तो चेहरा कोणाचा होता हे टिपून ठेवण्यासारखं आहे. तो माणसाचा नव्हताच. बोलक्या बाहुल्याचं रंगवलेलं मुंडकं होतं ते, नाव स्टूकी बिल. दिव्यांची धग एवढी की माणूस समोर बसायला तयार होईना, म्हणून बाहुला बसवला. त्याचे केस करपले, रंगाला तडे गेले, तो हूं की चूं न करता बसून राहिला. चित्र सगळं मिळून तीस रेघांचं. टीव्हीवरचा पहिला कलाकार हा असा: वेळेवर हजर, मानधनाची अपेक्षा नाही, आणि दिग्दर्शकाशी वाद नाही.

०

बाहुला दिसला तसा बेअर्ड जिन्यावरून खाली धावला आणि खालच्या कचेरीतल्या पोऱ्याला वर घेऊन आला. विल्यम टेन्टन, वय वीस. त्याला दिव्यांसमोर बसवलं आणि बेअर्ड पलीकडच्या खोलीत पडद्याकडे गेला. पडदा कोरा. परत येऊन बघतो तर पोरगा धगीला भिऊन मागे सरकलेला. मग खिशातून अडीच शिलिंग काढून त्याच्या हातावर ठेवले तेव्हा तो पुन्हा पुढे सरकला. मान हलवली, जीभ बाहेर काढून दाखवली. माणसाने टीव्हीवर केलेला पहिला अभिनय तो हा.

मला ह्या टेन्टनबद्दल भारी जिव्हाळा आहे. नट नाही, गवई नाही. कचेरीच्या वेळात हातातलं काम टाकून वर गेलेला, घाम पुसत कॅमेऱ्यापुढे बसलेला, आणि पैसे मिळाल्याशिवाय पुढे न सरकलेला. वरळीच्या दूरदर्शन केंद्रात पुढे जे कलाकार येऊ लागले त्यांतल्या निम्म्यांचा हा मूळपुरुष.

०

बोलक्या बाहुल्यांचं घराणं आपल्याकडे पाध्यांचं. प्रोफेसर य. के. पाध्ये हे ह्या कलेतले आपल्या देशातले आद्य पुरुष, आणि त्यांचा बाहुला अर्धवटराव आता शंभरी ओलांडून बसला आहे. चिरंजीव रामदास शिक्षणाने इंजिनिअर. त्यांचा पहिला स्वतंत्र प्रयोग १ मे १९६७ चा. कृष्णधवल पडद्यावर अर्धवटराव आला की आम्ही मुलं टीव्हीच्या काचेला नाक लावून बसायचो. बाहुल्याकडे कोणी बघत नसे, सगळे पाध्यांच्या ओठांकडे.

ह्यातली मेख मला बरीच नंतर कळली. नाट्यगृहात शब्दभ्रमकाराला अंतराची मदत असते. पहिली रांगसुद्धा चार हात लांब, बाकीची दुनिया अंधारात. टीव्हीचा कॅमेरा मात्र सरळ जिवणीवर येऊन उभा राहतो. प, फ, ब, भ, म ही ओठ मिटल्याशिवाय न निघणारी अक्षरं. मराठी बोलायला लागलं की बाबा, मामा, पापड, भाऊ, दर चार शब्दांमागे एक हजर. खुद्द आडनावाची सुरुवात प ने! चाळीतल्या नास्तिकांनी खूप लक्ष ठेवलं. ‘हललं, हललं’ असं ओरडणाराही एक कायम असायचा. पण ओठ काही कोणाला सापडले नाहीत.

०

आमची फणसवाडी गिरगावातली, ठाकूरद्वार आणि चिराबाजार ह्यांच्या पंचक्रोशीतली. पारशांचा दादीशेठ आतषबेहराम इथे १७८३ पासून आहे, आम्ही सगळे त्याला सरसकट अग्यारीच म्हणायचो. दाक्षिणात्य पद्धतीचं व्यंकटेशाचं देऊळ आहे, तिथल्या प्रसादाच्या भाताची चव गिरगावात दुसरीकडे नाही. आणि ह्या दोहोंच्या अवतीभवती चाळी. लाकडी जिने, लांब गॅलऱ्या, गॅलरीच्या टोकाला नळ.

आमच्या चाळीत पहिला टीव्ही आला तो दुसऱ्या मजल्यावर, कापडाच्या एका दलालांकडे. पायांवर उभा, पुढे लाकडी शटर. शटरला कुलूप, किल्ली काकूंच्या कमरेला. रेडिओसारखं टीव्हीलाही पोस्टाचं लायसन्स लागे, ते काका फ्रेम करून लावायच्या बेतात होते. बसण्याची जागा ठरलेली. पोरं जमिनीवर, बायका कॉटवर, आजोबा मंडळी खुर्च्यांत, आणि ज्यांचं त्या घराशी बोलणं बंद होतं ते बाहेर गॅलरीत, खिडकीच्या गजांतून. अबोला असला तरी शनिवारचा मराठी पिक्चर सोडायचा नाही एवढा समंजसपणा दोन्ही बाजूंना होता.

०

वरळीचा मनोरा आमच्या उत्तरेला. गिरगावच्या कौलांवरचे सगळे अँटेना त्या दिशेने माना करून. मधल्या उंच इमारतींवर लहर आपटून उशिरा पोचायची, म्हणून मूळ चित्राच्या उजवीकडे दुसरं फिकट चित्र उमटे. त्याला ‘भूत’ म्हणत. बातम्या देणाऱ्या प्रत्येकाला आमच्याकडे तीन कान होते.

०

‘आमची माती आमची माणसं’ हा कार्यक्रम शेतकऱ्यांसाठी. सबंध फणसवाडीत माती होती ती तुळशीच्या कुंड्यांत. तरीही आमच्या मजल्यावरच्या आज्यांना कांद्याला खत कधी द्यायचं आणि कपाशीवरच्या अळीला काय मारायचं हे तोंडपाठ. शटर उघडलं की मिटेपर्यंत जे काही येईल ते सगळं बघायचं असा दंडक होता. एकच वाहिनी, तीही संध्याकाळपुरती. निवडायला होतं काय?

आणि बघावंसंही वाटायचं, कारण त्यातल्या ‘गप्पागोष्टी’त राजा मयेकर असायचे. शाहीर साबळ्यांच्या पार्टीतलं ‘यमराज्यात एक रात्र’ ज्यांनी पाहिलं होतं त्यांना हा माणूस नुसता पायरीवर बसून बोलला तरी चालत होता. लोकनाट्यातल्या नटाचं हे बळ: प्रेक्षकाशी थेट बोलायची सवय. समोर कॅमेरा असो की लालबागचं मैदान, त्यांची नजर एकाच ठिकाणी, समोरच्या माणसावर. शिकलेसवरलेले नट पहिल्या वर्षांत कॅमेऱ्याकडे बघावं की बघू नये ह्या विवंचनेत असताना मयेकर निवांत गप्पा मारत होते.

०

दूरदर्शनला कलाकार मिळाले कुठून, ह्याचं उत्तर गिरगावकराला सांगायला नको. १८९३ पासून केशवजी नाईकांच्या चाळीत गणपती. म्हणजे वाडीवाडीत दहा दिवस नकला, मेळे, नाटुकली. १९५४ पासून राज्य नाट्यस्पर्धा. शिवाय कामगार कल्याणच्या स्पर्धा, बँकांच्या आपसांतल्या स्पर्धा. केळेवाडीत साहित्य संघ. १९६४ ला तिथे नाट्यगृह झालं आणि कचेऱ्या सुटल्यावर फोर्टातली अर्धी हौस तिकडे वळू लागली. तालमी रात्री, प्रयोग सुटीच्या दिवशी, आणि सोमवारी सकाळी मस्टरवर सही. ह्या लोकांना ‘हौशी’ म्हणतात. मला तो शब्द अपुरा वाटतो. वीस वर्षं रोज रात्री तालीम करणाऱ्याला हौशी म्हणायचं, तर व्यावसायिक कोणाला म्हणायचं?

दूरदर्शनकडे ना चित्रपटातल्या नटांना बोलवायला पैसा, ना नटांना तिकडे यायला वेळ. सिनेमावाले छोट्या पडद्याकडे नाक मुरडत होते. मग उरले कोण? वेळेवर येणारे, पाठांतर चोख असलेले, आणि मानधन किती हा प्रश्न शेवटी विचारणारे. म्हणजे आमच्या वाड्यांतले लोक.

०

आकाशवाणीचेही बरेच आले. पण सगळ्यांना पडदा मानवला असं नाही. रेडिओवरच्या ‘पुन्हा प्रपंच’मधले पंत, मीनावहिनी आणि टेकाडे भावोजी, म्हणजे बाळ कुडतरकर, नीलम प्रभू आणि प्रभाकर जोशी. हे तिघं आमच्या घरात इतकी वर्षं राहत होते की त्यांचे चेहरे आम्ही आधीच ठरवून ठेवले होते. माझ्या आईचे टेकाडे भावोजी उंच आणि किडकिडीत होते, शेजारच्या वहिनींचे ठेंगणे. ह्यावर वादही झाले आहेत. आवाजाच्या नटाला चेहरा दाखवायला लावणं म्हणजे लाखभर घरांतली चित्रं एका फटक्यात पुसणं.

बबन प्रभू मात्र सहज इकडून तिकडे गेले. ‘झोपी गेलेला जागा झाला’ लिहिणाऱ्या माणसाला शरीराची भाषा वेगळी शिकवायला नको. याकूब सईद आणि ते मिळून ‘हास परिहास’ करायचे. दोघांच्या टाइमिंगमध्ये सुई शिरायला जागा नसे.

०

आता आमच्या गॅलरीच्या टोकाच्या खोलीतले काका. फोर्टातल्या एका कचेरीत कारकून, रात्री नाटक. त्यांना दूरदर्शनवरच्या एका नाटुकल्यात डॉक्टरचं काम मिळालं. काँट्रॅक्टचा कागद आला तो चाळीतल्या प्रत्येकाने वाचला. कार्यक्रमाच्या दिवशी अर्ध्या रजेचा अर्ज टाकून काका दुपारी घरी, दाढी दुसऱ्यांदा, आणि वरळीची बस.

निघताना हातावर डॉक्टरचा कोट. तो फिकट निळा. काकूंनी आदल्या रात्री बादलीत नीळ जरा जास्तच घालून पांढरा कोट त्यात बुडवून काढला होता. पांढराशुभ्र कपडा त्या कॅमेऱ्यांना सोसत नसे, दिव्यांखाली तो भगभगायचा आणि माणसाचं तोंड काळवंडून जायचं. तेव्हा पांढरं दिसायचं असेल तर निळसर नाहीतर पिवळट घालून यायचं, बारीक चौकडी अजिबात नको, ह्या सूचना आधीच दिलेल्या. काका बसमध्ये तो कोट मांडीवर घेऊन बसले, चुरगळू नये म्हणून.

कार्यक्रम जिवंत, म्हणजे स्टुडिओत घडत असतानाच घरोघर दिसणार. रीटेक नाही. दलालांच्या खोलीत मुंगीला जागा नव्हती. काका आले, नाडी धरली, आणि पुढचं वाक्य गेलं. नुसते रोग्याकडे बघत राहिले. आमच्याकडे सगळ्यांचे श्वास अडकलेले, काकू पदराचं टोक तोंडात धरून. मग कॉटवर निपचित पडलेला रोगीच खोल आवाजात म्हणाला, ‘डॉक्टर, इंजेक्शन द्यावं लागेल का?’ काका म्हणाले, ‘हो, इंजेक्शन द्यावं लागेल.’ आणि गाडी रुळावर आली.

रात्री उशिरा बसने परतले तर अख्खी गॅलरी जागी. जिना चढता चढता त्यांचा पहिला प्रश्न, ‘कसं दिसलं?’ कारण त्यांनी ते पाहिलंच नव्हतं, कसं पाहणार? काकू म्हणाल्या, ‘कोट पांढरा दिसला हो.’ तळमजल्यावरच्या आजी म्हणाल्या, ‘तुझा रोगी फार हुशार आहे रे.’ ह्यापलीकडे समीक्षा झाली नाही. घरी टेप करायचं साधन तेव्हा कोणाकडे नव्हतं. काकांना स्वतःचं काम ह्या जन्मात बघायला मिळालं नाही. त्यांनी ते केलं आणि आम्ही बघितलं, एवढ्यावर हिशेब मिटला.

०

जिवंत नसलेले, म्हणजे आधी मुद्रित केलेले कार्यक्रम तरी कुठे उरले? दोन इंची रुंद टेप, परदेशातून यायची, महाग. दाखवून झाली की पुसायची आणि तिच्यावर पुढचं काहीतरी घ्यायचं. आपल्याकडच्याच बाबूंना दोष देण्यात अर्थ नाही. बीबीसीनेही हेच केलं. ‘डॉक्टर हू’ ह्या त्यांच्या लाडक्या मालिकेचे साठच्या दशकातले नव्वदहून अधिक भाग त्या हिशेबी वृत्तीने नाहीसे झाले. अमेरिकेच्या नासाने तर माणूस चंद्रावर उतरल्याच्या मूळ टेपा पुसून पुन्हा वापरल्या. चंद्राची ही गत, तिथे आमच्या डॉक्टरकाकांचं काय घेऊन बसलात.

पण ह्याचा एक परिणाम असा झाला की त्या काळाचा इतिहास ज्यांचं नाव पुढे मोठं झालं त्यांच्याच भोवती लिहिला जातो. स्मिता पाटील मराठी बातम्या द्यायच्या, हे सगळ्यांना माहीत असतं, कारण पुढे श्याम बेनेगलांचे सिनेमे आहेत. त्याच खुर्चीवर बसून बातम्या देणारे अनंत भावे मराठीचे प्राध्यापक आणि मुलांसाठी लिहिणारे कवी होते. त्यांच्या कविता पाठ असलेल्या मुलांना बातम्यांतले भावे तेच हे, हा पत्ता नसे. माझ्या मते त्या बातम्यांच्या मराठीला जी ठेवण होती ती अशा माणसांमुळे. वर्गात चाळीस वाह्यात पोरांना ऐकू जाईल असं, पण न ओरडता बोलायची त्यांना सवय होती.

०

कार्यक्रम सुरू होण्याआधी दूरदर्शनच्या बोधचिन्हाचं ते वर्तुळ फिरत फिरत डोळ्याच्या आकारात स्थिरावायचं आणि सनईवर ती धून वाजायची. धून पंडित रविशंकरांची, हे अनेकांना माहीत असतं. वाजवणारे कोण विचारलं की दहातले नऊ जण बिस्मिल्ला खाँ म्हणतात. नाही. कोलकात्याचे उस्ताद अली अहमद हुसेन खाँ. देशात त्यांच्याइतकं रोज ऐकलं गेलेलं सनईवादन दुसरं नसेल, आणि त्यांच्याइतका न ओळखला गेलेला सनईवालाही नसेल. २०१६ मध्ये ते गेले. आमच्या वाडीत लग्नात ताशेवाल्यांकडे त्या धुनेची फर्माईश झालेली मी ऐकली आहे. वाजवली पण त्यांनी.

०

बाळ कर्वे. ‘चिमणराव’मधले गुंड्याभाऊ. पहिली मराठी मालिका म्हणून तिचं नाव घेतात. याकूब सईद आणि विजया जोगळेकर-धुमाळे निर्माते, दिलीप प्रभावळकर चिमणराव. चिमणरावाचे मूळ लेखक चिं. वि. जोशी बडोद्याला पाली शिकवणारे प्राध्यापक होते, ते १९६३ लाच गेले, आपली माणसं छोट्या पडद्यावर आलेली त्यांनी पाहिली नाहीत.

गुंड्याभाऊची भूमिका दिसायला सोपी. दणकट माणूस घ्या, हातात सोटा द्या. पण चिमणराव बोलतो तेव्हा गुंड्याभाऊला नुसतं ऐकायचं असतं, आणि ऐकणं हे कॅमेऱ्यापुढचं सगळ्यात कठीण काम. रंगभूमीवरचा नट दुसऱ्याच्या वाक्याच्या वेळी विश्रांती घेऊ शकतो, मागच्या रांगेला कळत नाही. इथे चेहरा वीतभर अंतरावर. कर्व्यांच्या चेहऱ्यावर चिमणरावाची प्रत्येक भानगड आधी नापसंत व्हायची, मग पटायची, आणि शेवटी सोट्याकडे हात जायचा. ह्या तीन पायऱ्या न बोलता. मी पुढे व्यावसायिक नटांना ह्यातल्या दोन पायऱ्या गाळताना बघितलं आहे.

हा माणूस सिव्हिल इंजिनिअर. मुंबई महापालिकेत बत्तीस वर्षं नोकरी. राहायला पार्ल्यात, तिथे मुलांचं नाटक, विजया मेहतांच्या ‘रंगायन’शी संबंध, पुढे ‘जैत रे जैत’सारखे चित्रपट, ‘कुसुम मनोहर लेले’सारखी नाटकं, सगळं ह्या बत्तीस वर्षांच्या आतबाहेर. मला नेहमी कुतूहल वाटतं ते मालिका भरात असतानाच्या दिवसांचं. आदल्या संध्याकाळी घरोघरी गुंड्याभाऊ, आणि सकाळी कचेरीत टेबलापुढे नकाशे घेऊन उभा असलेला ठेकेदार. त्याने आधी मंजुरीचं विचारलं असेल की सोट्याचं?

ऑगस्ट २०२५ मध्ये ते गेले, पंच्याण्णवाव्या वर्षी. दुसऱ्या दिवशीच्या पेपरांत मथळ्यात ‘गुंड्याभाऊ’, आत कुठेतरी एका ओळीत महापालिका. रास्तच आहे. तरी मला ती एक ओळ महत्त्वाची वाटते. पगार चालू होता म्हणून भूमिका निवडता आली. नको ते काम नको म्हणता आलं. घरभाड्यासाठी सोटा घेऊन आयुष्यभर गुंड्याभाऊच करत राहावं लागलं नाही. नोकरीने कलाकाराचा वेळ खाल्ला हे सगळे सांगतात. नोकरीने त्याला मिंधेपणापासून वाचवलं, हेही कोणीतरी सांगायला हवं.

०

श्रेयनामावली. पुठ्ठ्याच्या काळ्या पाट्यांवर पांढऱ्या रंगात हाताने काढलेली अक्षरं. एक पाटी ओढली की मागची दिसायची. अक्षर मात्र सुरेख, कोणाचं ते त्याच पाटीवर शेवटी असेल-नसेल. आमच्या वाडीतलं नाव असलं की पोरं ओरडायची आणि त्या ओरड्यात पुढची चार नावं वाचायची राहून जायची.

०

‘गजरा’ हा प्रहसनं, गाणी, नकला गुंफलेला कार्यक्रम. विनायक चासकर त्याचे निर्माते. किशोर प्रधान मला पहिल्यांदा दिसले ते त्यात, भक्ती बर्व्यांच्या समोर. मूळचे नागपूरचे, मुंबईत टाटा इन्स्टिट्यूटमध्ये समाजशास्त्रांचं शिक्षण आणि मग ग्लॅक्सोत नोकरी. ‘नटराज’ ही त्यांची संस्था. पत्नी शोभा प्रधानही नाटकातल्याच. ‘काका किशाचा’ अनेकांनी पाहिलं असेल.

त्यांचा विनोद गिरगावकरांना चटकन कळायचा, कारण ते वाक्यावर जोर देत नसत. सबंध गंभीर चेहऱ्याने एखादी बिनबुडाची गोष्ट इतक्या खात्रीने सांगायचे की समोरच्यालाच आपलं चुकलं असं वाटावं. हा कचेरीत मुरलेल्या माणसाचा विनोद आहे. फाइल सापडत नसताना ती वर पाठवली आहे असं शांतपणे सांगणारा जो एक असतो, त्याचा. छोट्या पडद्याला तो फार मानवला. मोठ्याने हसवणारे नट त्या चौकोनात मावायचे नाहीत, काच फोडून बाहेर येतील असं वाटायचं. प्रधान आत राहून बोलायचे, आणि खोलीतले चाळीस जण पुढे सरकायचे.

नोकरी सुटली, वय झालं, आणि मग हिंदीवाल्यांनी त्यांना शोधून काढलं. २००७ च्या ‘जब वी मेट’मध्ये ते स्टेशनमास्तर आहेत. मिनिट-दीड मिनिटाचं काम. गाडी चुकलेल्या मुलीला कोणी न मागितलेला उपदेश ते करतात, तोच गंभीर चेहरा, तीच ठाम खात्री. जानेवारी २०१९ मध्ये ते गेले तेव्हा देशभरच्या बातम्यांत त्यांचा फोटो लागला तो ह्या दीड मिनिटाचा.

माझा भाचा तेव्हा जेवायला आला होता. मोबाइल दाखवून म्हणाला, ‘मामा, हे बघ, ते स्टेशनमास्तर गेले.’

म्हटलं, ‘गजऱ्यातले किशोर प्रधान ते.’

‘गजरा? सिनेमा होता का?’

मग त्याला चासकर, भक्ती बर्वे, वरळी, शटरची किल्ली, निळा कोट, सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं. बायको दोनदा म्हणाली, आमटी गार होतेय. त्याने मधेच यूट्यूबवर शोधून पाहिलं, प्रधानांचा त्या काळातला ‘गजरा’ काही त्याला मिळाला नाही. स्टेशनमास्तर लगेच मिळाला. तो आम्ही तिघांनी दोनदा बघितला.